बाकाखालचा आकडा

टेंडर भरणं म्हणजे नेमकं काय काम, हे माझ्या सासूबाईंना शेवटपर्यंत उमगलं नाही. चिपळूणला कोणी विचारलं की त्या सांगत, "सून मस्कतात पाकिटं चिकटवते." सुरुवातीला मला राग यायचा. पुढे राग सोडून दिला, कारण कामाचा मोठा भाग खरंच तेवढाच होता.

ज्यांना या धंद्याचा गंध नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. सरकारला काहीतरी हवं असतं. रस्ता, पाण्याची टाकी, इस्पितळासाठी चादरी. मग सरकार अटींचं एक जाडजूड बाड काढतं. आमच्यासारख्या कंपन्या ते विकत घेतात, त्यातली अट न् अट वाचतात आणि दोन पाकिटं भरतात. एकात काय देऊ ते, दुसऱ्यात केवढ्याला देऊ ते. पहिल्या पाकिटात काही खुसपट निघालं तर दुसरं उघडतच नाहीत. तुमचा भाव सगळ्यांत कमी असला तरी तो कोणाच्या नजरेलासुद्धा पडत नाही. मस्कतजवळच्या रुसैलच्या औद्योगिक वसाहतीतल्या एका फर्निचर कंपनीत मी वीसेक वर्षं ही पाकिटं भरली आणि त्यांतली कितीतरी पहिल्याच पायरीवरून परत आलेली पाहिली. एका पानावर शिक्का राहिला म्हणून. ड्रायव्हर चुकीच्या काउंटरवर जाऊन उभा राहिला म्हणून. एकदा एका दुसऱ्या कंपनीच्या नमुन्याच्या खुर्चीवर तपासणी अधिकारी स्वतः बसले आणि खुर्चीनं पाय सोडला. त्या कंपनीच्या नकारपत्रात 'नमुना समाधानकारक नाही' एवढीच ओळ होती. साहेबांना कुठे लागलं ते लिहिलेलं नव्हतं.

नकार आला की बहुतेक कंपन्या 'इन्शाल्ला, पुढच्या वेळी' म्हणतात आणि गप्प बसतात. नकाराविरुद्ध भांडता येतं हे पुष्कळांना ठाऊकच नसतं. ठाऊक असलं तरी ज्या खात्याकडून उद्या काम हवं आहे त्याच्याशी आज वैर कोण घेणार? खरं तर रस्ता सरळ आहे. आधी त्याच खात्याकडे मुदतीत लेखी हरकत घ्यायची, आणि ती फेटाळली की कोर्टात जायचं. मी कोर्टापर्यंत गेले ती एकदाच, आणि तीही एका सुतारासाठी.

हसनभाई आमच्या वर्कशॉपचे फोरमन. रत्नागिरीकडच्या खाडीकाठच्या गावातले. घरात पिढ्यान् पिढ्या मचवे, म्हणजे शिडाच्या लाकडी होड्या, बांधायचं काम. गावातले मचवे कमी झाले तसे ते इकडे आले आणि शाळेची बाकं करू लागले. मला 'बाय' म्हणत. बाकी सगळं ऑफिस मला 'मॅडम' म्हणायचं, त्यामुळे त्यांची हाक कानावर आली की मला चिपळूणच्या बाजारात उभं असल्यासारखं वाटे. माणूस अबोल. लाकडाला दोष असला तर मात्र बोलायला लागत आणि मग थांबत नसत.

एका सरकारी खात्याचं शाळांच्या बाकांचं टेंडर निघालं. काम मोठं होतं. प्रत्येक कंपनीनं एकेक बाक नमुना म्हणून खात्याच्या गोदामात द्यायचा होता. कोणता बाक कोणाचा हे तपासणाऱ्यांना कळू नये म्हणून अट घातली होती की नमुन्यावर नाव, चिन्ह किंवा ओळख पटेल अशी कोणतीही खूण नसावी. ही अट मी वर्कशॉपमध्ये जाऊन दोनदा वाचून दाखवली. हसनभाईंनी स्वतः कंपनीचं स्टिकर खरवडून काढलं, डाग पुसला, आणि बाक असा सुरेख झाला होता की तो गाडीत चढवताना मला अभिमान वाटला.

नकारपत्र आलं तेव्हा त्याचं इंग्रजी भाषांतर मी उभ्यानंच वाचलं. बाकाच्या फळीखाली 'गुप्त ओळखक्रमांक' सापडला होता. पेन्सिलीनं लिहिलेले तीन आकडे. सात, आठ, सहा. आमची बोली बाद झाली होती. हा फसवणुकीचा प्रकार दिसतो, तेव्हा कंपनीवर बंदी का घालू नये ते सांगा, आणि ज्यानं हे केलं त्याच्यावर काय कारवाई केली तेही कळवा, असं पुढे लिहिलं होतं.

महाराष्ट्रात वाढलेल्या कोणाला हे वाचून हसूच येईल. ७८६ आपण रिक्षांवर, बेकरीच्या पाट्यांवर, शिंप्याच्या मशीनवर जन्मभर पाहिलेलं असतं. पण हा रिवाज आपल्याकडचा. इथले अरब तो आकडा लिहीत नाहीत. नमुने तपासणाऱ्या समितीतल्या एकालाही त्याचा अर्थ लागला नाही, आणि अर्थ न लागणारा आकडा लपवून लिहिलेला दिसला की माणूस दुसरं काय समजणार?

मी तडक वर्कशॉपमध्ये गेले. हसनभाईंनी पत्राकडे पाहिलं आणि लगेच कबूल केलं.

"लिवला मी. नव्या कामाच्या पयल्या नगावर लिवतो. माजे वडील मचव्याच्या पयल्या फळीवर लिवायचे. त्यात गुप्त काय हाय, बाय?"

"मग खाली का लिहिलंत? दिसेल असं तरी लिहायचं."

"वर पोरां हात टेकणार, कोण चढून बसणार. अल्लाचा नाव असा उघडा टाकायचा काय? म्हणून तर अक्षरां लिवत नाय, आकडा लिवतो. आणि तो बी खालच्या अंगाला." मग ते जरा थांबले. "माज्यामुळे कंपनीला त्रास झाला. साहेबांना सांगा, मी गावाला जातो."

"कुठेही जायचं नाही," मी म्हटलं. आवाज जरा चढलाच माझा.

आमचे जनरल मॅनेजर कामतसाहेब दादरचे. माणूस वाईट नाही, पण संकट आलं की आधी कोणाला तरी बाहेर फेकायचं, अशी त्यांची रीत. त्यांनी सुटकेचा मार्ग शोधूनच ठेवला होता.

"मॅडम, सिंपल आहे. वर्करची चूक, आम्ही त्याला टर्मिनेट केलंय, क्षमस्व. एवढं लिहा. खातं खूश आणि आपण पुढच्या टेंडरला मोकळे."

"चूक कसली म्हणून लिहू?"

"म्हणजे? आकडा लिहिला ती."

"आकडा लिहिणं ही चूक असेल तर तो ओळखक्रमांक होता हे आपण आपल्याच तोंडानं कबूल करतोय. मग बंदी कोणावर येईल? हसनभाई विमानात बसून निघून जातील. बंदी आपल्यावर येईल."

ते विचारात पडले. इतक्या वर्षांत मी एक गोष्ट शिकले होते. साहेबांना न्याय-अन्याय सांगून उपयोग नसतो, धोका दाखवावा लागतो. पण त्या दिवशी माझं तेवढ्यावर भागलं नाही. मी म्हणाले, "आणि त्यांना काढणार असाल तर हे उत्तर दुसऱ्या कोणाकडून लिहून घ्या." "बरं, घ्या हरकत," ते शेवटी म्हणाले.

अल खौदला, माझ्या घरापासून जवळच, एका तरुण ओमानी वकीलबाईंचं लहानसं ऑफिस होतं. नाव मैमूना. इथे वकीलबाईंना म्हणायची रीत आहे तसं मी त्यांना उस्ताझा मैमूना म्हणे. आता तो प्रसंग डोळ्यांसमोर आणा. समोर एक मुसलमान वकील आणि तिला बिस्मिल्लाहचा आकडा समजावून सांगणारी मी, चिपळूणची कोकणस्थ बाई. सांगता सांगता मलाच हसू फुटलं. अरबी अक्षरांना आकड्यांच्या किमती असतात, 'बिस्मिल्लाह'च्या पूर्ण वाक्याची बेरीज ७८६ होते, म्हणून पवित्र नाव जिथे लिहायला नको तिथे आमचे लोक आकडा लिहितात, असं मी सांगितलं. त्यांनी कागद ओढला, अक्षरं मांडली आणि एकेक किंमत लिहीत गेल्या. माझ्याकडे पाहिलं. पुन्हा बेरीज केली.

"बरोबर येतंय," त्या म्हणाल्या. "आमच्या आजोबांना ही मोजणी यायची. पण असं बाकाखाली कोण लिहितं?"

"आमच्याकडे सगळे."

"मग ते सगळे मला दाखवा. आकडा पवित्र आहे की नाही, याच्याशी कोर्टाला कर्तव्य नाही. त्यावरून तुमची कंपनी ओळखू येत नाही, एवढंच मला दाखवायचं आहे. हजारो लोक जी खूण करतात ती एकाची ओळख कशी होईल?"

मग मी फोटो काढत सुटले. दर शुक्रवारी नवऱ्याला गाडी काढायला लावायची. ट्रक, शिवणकामाची दुकानं, चहाच्या टपऱ्या. दूरच्या निझवा शहराच्या बाजारात रायगडकडचे एक म्हातारे व्यापारी मसाले विकतात. त्यांच्या गल्ल्यामागे हा आकडा ठळक रंगवलेला आहे. मी कशासाठी आले ते ऐकून त्यांनी खुर्ची पुढे केली, चहा मागवला आणि जबाबही लिहून दिला. "ताई, तुम्ही आमच्यासाठी भांडताय," ते सारखं म्हणत होते. मी म्हटलं, "तुमच्यासाठी नाही हो, माझ्या टेंडरसाठी." त्यांनी मान डोलावली, पण त्यांचा विश्वास बसला नाही. माझाही पुरता बसला नव्हता.

रुसैलमध्ये मात्र सगळ्यांनी तोंड फिरवलं. दुसऱ्या वर्कशॉपमधले फोरमन मला ओळखत, मान हलवत, चहाही पाजत. लिहून द्या म्हटलं की, "मॅडम, आमची पण टेंडरं असतात." त्यांचंही काही चुकत नव्हतं. पण तेव्हा मी घरी येऊन भांडी आपटली, हे खरं.

खात्यानं हरकत फेटाळली. त्यांचं म्हणणं सुटसुटीत होतं. श्रद्धा असेल तर माणूस उघड लिहितो. लपवून लिहिलं म्हणजे इशारा. मग आम्ही कोर्टात गेलो. इथे कोर्टाचं सगळं काम अरबीत चालतं. माझ्या अर्जाचं भाषांतर होऊन आलं तेव्हा त्यातलं मला फक्त ७८६ तेवढं वाचता येत होतं.

हसनभाई त्या सगळ्या काळात कामावर येत होते. येत, करवत चालवत आणि जात. वर्कशॉपमधले लोक त्यांच्याशी नेहमीसारखं बोलायचा प्रयत्न करत, आणि तो प्रयत्न त्यांना कळत असे. नव्या मालावर ते आता काहीच लिहीत नव्हते. एकदा मी मुद्दाम विचारलं तर म्हणाले, "हात लागतोय तवा मनात म्हणतो, बाय. मनावर टेंडरची अट नाय ना?"

आमच्या वकीलबाईंनी कोर्टाकडे एकच मागणी लावून धरली. सगळ्या कंपन्यांचे नमुने उलटे करून पाहावेत. कोर्टानं एक ओमानी इंजिनिअर तज्ज्ञ म्हणून नेमला, आणि आम्ही सगळे खात्याच्या गोदामात जमलो. खात्याचे अधिकारी, टेंडर जिंकलेल्या कंपनीचा माणूस, मैमूना, मी, आणि खुलासा लागला तर करायला हसनभाई. बाकं ओळीनं मांडली होती. आमचा बाक उलटा केला. पेन्सिलीचे तीन आकडे, पोस्टातल्या पावतीवर असावेत तसे स्वच्छ. पुढचा कोरा. त्यापुढचाही कोरा. मग जिंकलेल्या कंपनीचा बाक उलटला, आणि फळीच्या कडेला हळदकुंकवाची बोटं उमटलेली दिसली. सुकून गेलेली, पण आपल्याला ओळखू येणार नाहीत असं थोडंच आहे?

खात्याच्या माणसांना तो इतके दिवस रंगाचा डाग वाटला होता. त्या कंपनीच्या सुतारानंही पहिल्या नगाची पूजा केली असणार. कोणा देवगड-मालवणकडच्या माणसाचा हात असेल. मी मैमूनाला बाजूला घेऊन त्या डागाचा अर्थ सांगितला. त्यांचे डोळे चमकले. हसनभाई मात्र माझ्याजवळ आले आणि हळूच विचारू लागले, "बाय, त्या माणसाला बी काढतील काय आता?"

ऑफिसला आलो तर कामतसाहेब खुशीत. "लॉटरी लागली, मॅडम! आम्ही बाद तर तेही बाद. टेंडर पुन्हा निघणार, आपण नव्यानं भरणार."

हे खरोखर शक्य होतं. मैमूनानंही अर्बाबांपुढे, म्हणजे आमच्या कंपनीच्या म्हाताऱ्या ओमानी मालकांपुढे, दोन्ही वाटा मोकळेपणानं मांडल्या. एक वाट कामतसाहेबांची. नियम सगळ्यांना सारखा लावा, दोन्ही बोली बाद करा. ती सोपी होती, दोघांकडेही खूण निघाल्यावर एकट्या आमच्यावर बंदी घालणं खात्याला जड गेलं असतं, आणि तिच्या शेवटी पुन्हा टेंडर होतं. दुसरी वाट अशी, की दोन्हीपैकी एकही ओळखखूण नाही, आमची बोली बाद करणंच चूक होतं. पण तोवर दुसऱ्या कंपनीची बाकं बहुतेक शाळांत पोचली होती. आम्ही जिंकलो तरी ती कोणी परत आणणार नव्हतं. कंपनीवरचा डाग पुसला जाईल आणि काम हातचं जाईल.

कामतसाहेब म्हणाले, "यात विचार करायचा काय?"

मी उठून उभी राहिले. अर्बाबांसमोर असं उभं राहून बोलण्याची माझी पहिलीच वेळ. "पहिल्या वाटेनं जायचं तर आपल्याला म्हणावं लागेल की हसनभाईंनी खूण केली आणि त्या दुसऱ्या सुतारानंही केली. दोघंही लबाड. आपण आपल्या सहीनं तसं लिहून देणार."

अर्बाब काठीवर हनुवटी टेकून बसले होते. त्यांनी विचारलं, "हसन काय म्हणतो?"

"ते विचारतायत, त्या दुसऱ्या माणसाची नोकरी जाईल का."

कामाची गरज अर्बाबांनाही होती. त्या वर्षी वर्कशॉपमधली निम्मी यंत्रं बंद होती आणि ती बंद असलेली त्यांना रोज दिसत होती. मग ते म्हणाले, "आम्ही असा आकडा लिहीत नाही. पण त्यानं माझ्या कामाला हात लावताना अल्लाहचं नाव घेतलं. मी सही करून त्याला लबाड म्हणू? खलास. दुसरी वाट."

कामतसाहेब त्यानंतर माझ्याशी कामापुरतंच बोलत. एकदा न राहवून म्हणाले, "आपण कंपनी चालवतो की धर्मशाळा?" मी म्हटलं, "साहेब, धर्मशाळा असती तर मी इतकी पाकिटं भरली असती का?"

निकाल आमच्या बाजूनं लागला. या खुणेवरून कोणीही बोलीदार ओळखू येत नाही, फसवणुकीचा हेतू दिसत नाही, आमची बोली बाद करणं गैर होतं, असं कोर्टानं म्हटलं. बंदीचा प्रश्नच उरला नाही. बाकं अर्थातच दुसऱ्यांची लागली होती. अजूनही एखाद्या शाळेच्या उघड्या दारातून ती दिसली की माझी नजर आधी फळीच्या जोडावर जाते आणि मनात येतं, हसनभाईंचा जोड यापेक्षा घट्ट बसला असता. ती हळहळ गेलेली नाही. जाणारही नाही.

अर्बाब स्वतः वर्कशॉपमध्ये गेले. यंत्रं थांबवायला लावली आणि निकालातल्या त्या ओळी मोठ्यानं अरबीत वाचल्या. तिथल्या कोणालाही अरबी फारशी येत नव्हती, म्हणून मैमूनानं मला समजावून दिलेला त्यांचा अर्थ माझ्याकडून हिंदीत सांगवला. टाळ्या पडल्या. हसनभाई टोपी हातात घेऊन उभे होते आणि खाली पाहत होते.

दुसऱ्या दिवशी ते माझ्या केबिनच्या दारात आले. आत येऊन बसले. इतक्या वर्षांत ते माझ्यासमोर कधी बसले नव्हते.

"बाय, एक अर्ज लिवून द्या. नोकरी सोडतोय."

मला वाटलं मी चुकीचं ऐकलं. मग मी चिडले. तुमची नोकरी टिकावी म्हणून एवढं सगळं केलं, कामतसाहेबांशी भांडले, निझवापर्यंत गेले, अर्बाबांसमोर उभी राहिले, आणि आता तुम्ही निघालात? कोणी काही बोललं का? काही कमी पडलं का? मी प्रश्नांवर प्रश्न विचारत गेले आणि ते शांतपणे ऐकून घेत राहिले.

माझं संपल्यावर म्हणाले, "कोण काय नाय बोलला. गुडघे गेलेत माजे, दोन वरसां झाली. बायको बोलावतेय कधीची. पत्र आला त्याच्या आधीच जायचा ठरवला होता."

"मग तेव्हाच सांगितलं का नाही? त्या दिवशी म्हणालात तेव्हा मला वाटलं..."

"तुमी आडवलात तवा कळला, गेलो आसतो तर चोर गेला आसता, बाय. म्हणून थांबलो. गुडघे धरून थांबलो. आता हसन सुतार जातोय."

मी कॉम्प्युटरकडे वळले, कारण माझ्या डोळ्यांत पाणी आलं होतं आणि ते त्यांना दिसू द्यायचं नव्हतं. अर्ज चार ओळींचा झाला. त्यांनी वाचून घेतला, सही केली, आणि तो ऑफिस बॉयकडे न देता मी स्वतः अर्बाबांकडे घेऊन गेले. त्यांनी विचारलं, "कोणी पाठवतंय का त्याला?" मी म्हटलं, "नाही. ते स्वतः जातायत." तेव्हा कुठे त्यांनी पेन उचललं.